पंधरा महिन्यांचं जहाज आणि तीस दिवसांची बँक

प्रश्न थोडक्यात असा आहे: १७८४ साली अमेरिका हा देश नुकता स्वतंत्र झालेला, गळ्यापर्यंत कर्जात, स्वतःचं धड नाणंही नसलेला. बँका हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या. तरी तिथले व्यापारी थेट चीनला जहाज पाठवतात, पुढे मुंबई-कलकत्त्यालाही येतात. एवढा पैसा त्यांच्याकडे आला कुठून, आणि यात बँकांनी नेमकं काय केलं?

मी तीस वर्षं मुंबईत फोर्टातल्या एका बँकेच्या परकीय चलन विभागात काढली. निर्यातदारांची बिलं, लेटर ऑफ क्रेडिट (पैसे देण्याची बँकेची लेखी हमी), पॅकिंग क्रेडिट (माल निर्यात होण्याआधीचं कर्ज) हा रोजचा धंदा. इतिहास हा निवृत्तीनंतरचा नाद. त्यामुळे हे उत्तर इतिहासकाराचं नाही, बिलं हाताळलेल्या माणसाचं आहे. नोकरीला लागलो तेव्हा आमचे साहेब सांगायचे, "बिलावरची रक्कम नंतर वाच, आधी मुदत वाच." या व्यापाऱ्यांबद्दल वाचताना मला ते वाक्य पदोपदी आठवतं. कारण पैसा बहुतेक दुसऱ्याचाच होता. आपलं येणं वसूल होईपर्यंत आपलं देणं पुढे कसं ढकलायचं, ही त्यांची खरी विद्या. बँकेचा त्यात वाटा होता, पण आपण समजतो त्या जागी नव्हता.

आधी नाण्याचं बघू. वसाहतींच्या काळापासून तिथे हातात फिरणारं मुख्य नाणं म्हणजे स्पॅनिश डॉलर, मेक्सिको आणि पेरूच्या चांदीचा. मासे, पीठ, लाकूड वेस्ट इंडीजला विकायचं, तिथून डॉलर आणायचे, आणि ते इंग्लंडच्या कापडापायी लंडनला रवाना करायचे. चांदी आली तशी निघून जायची. हिशेब मात्र पौंड-शिलिंगात, आणि तोही प्रत्येक वसाहतीचा वेगळा. एकच डॉलर लंडनला साडेचार शिलिंगांचा, बोस्टन आणि व्हर्जिनियात ६ शिलिंगांचा, फिलाडेल्फियात साडेसातचा आणि न्यूयॉर्कला ८ चा. म्हणजे लंडनचे १०० पौंड म्हणजे बोस्टनचे १३३ आणि एक तृतीयांश, फिलाडेल्फियाचे १६६ आणि दोन तृतीयांश, न्यूयॉर्कचे पावणेदोनशेच्या वर. पेशवाईत चांदवडी रुपया देऊन सुरती घेताना सराफ बट्टा लावायचा, तसाच हा प्रकार.

या साडेचार शिलिंगांचं भूत फार काळ राहिलं. त्या हिशेबाने एक पौंड म्हणजे ४.४४ डॉलर, आणि न्यूयॉर्कचा बाजार १८७३ पर्यंत पौंडाचा भाव याच जुन्या आकड्यावर टक्के चढवून सांगत होता. प्रत्यक्षात सोन्याच्या हिशेबाने पौंड ४.८६ च्या आसपास. त्यामुळे भाव 'साडेनऊ टक्के चढा' दिसला की समजायचं, भाव अगदी बरोबरीचा आहे. जुनी व्यापारी पत्रं वाचणारे इथे हमखास फसतात आणि डॉलर घसरला म्हणून लिहून मोकळे होतात.

नाणं नाही म्हटल्यावर व्यवहार चालायचा तो वहीवर. लंडनचा घाऊक व्यापारी बोस्टन-फिलाडेल्फियाच्या आयातदाराला साधारण बारा महिन्यांच्या उधारीवर माल द्यायचा, त्यानंतर व्याज. आयातदार तोच माल गावोगावच्या दुकानदाराला उधार द्यायचा, दुकानदार शेतकऱ्याला. शेतकरी सुगीनंतर धान्य, डुकराचं मांस, फळ्या, पिंपं आणून टाकायचा. वहीत लिहायचे शिलिंग, पण फिटायचं ते जिनसात. या साखळीत रोकड कुठेच नाही, आणि शेवटचा दुवा पावसापाण्यावर. लंडनला बसलेल्या माणसाच्या पैशावर अमेरिकेच्या जंगलकडेचं किराणा दुकान चालत होतं.

ही साखळी समुद्रापार बांधणारा कागद म्हणजे बिल ऑफ एक्स्चेंज, 'अमक्याला इतके पैसे द्यावेत' असं आपल्या देणेकऱ्याला लिहिलेलं पत्र. त्याला मी सरळ हुंडी म्हणतो, कारण वस्तू तीच आहे.

समजा, बोस्टनच्या एका व्यापाऱ्याने व्हेलचं तेल लंडनच्या अडत्याकडे पाठवलं. त्या अडत्याकडे त्याचे २०० पौंड जमा होणार. त्याच गावात दुसऱ्याला लंडनच्या कापडवाल्याचे २०० पौंड द्यायचे आहेत. तेलवाला आपल्या अडत्यावर हुंडी लिहितो आणि कापडवाल्या देणेकऱ्याला ती स्थानिक पैशांत विकतो. हुंडीवरचा मजकूर ठरीव: 'ही माझी पहिली हुंडी पाहिल्यापासून साठ दिवसांनी, याच मजकुराची व तारखेची दुसरी आणि तिसरी भरली गेली नसल्यास, अमक्यास इतके पौंड द्यावेत.' तीन प्रती का? तर तीन वेगवेगळ्या जहाजांनी पाठवायच्या. एखादं बुडालं, एखादं फ्रेंचांनी पकडलं, तरी एक पोचावी. आपल्याकडे मूळ हुंडी गहाळ झाली की पेठ लिहून द्यायचे, पेठही हरवली की परपेठ. त्यांनी मधला समुद्र ओळखून पेठ-परपेठ आधीच लिहून ठेवली, एवढाच फरक.

हुंडी लंडनला पोचली की अडत्या ती सकारायचा, म्हणजे आडवी सही करून तारीख घालायचा. तिथून साठ दिवस सुरू. आता वेळ मोजा. महिना-दीड महिना समुद्रात, दोन महिने मुदतीचे, वर सवलतीचे दिवस. बोस्टनच्या माणसाने माल विकून झाला असो वा नसो, त्याचं देणं तोवर 'फिटल्यात जमा'. हुंडीचा भाव, आपली हुंडणावळ, हंगामाप्रमाणे वरखाली व्हायची. लंडनकडे माल पुष्कळ गेला असेल तर हुंड्या स्वस्त, आयात जास्त झाली असेल तर महाग. फारच महाग झाल्या की लोक चांदी पेटीत घालून पाठवायचे, म्हणजे चांदी पाठवायच्या खर्चाच्या वर भाव जायचा नाही.

आणि अडत्याने हुंडी नकारली तर? तर नोटरीसमोर नकाराचा दाखला करायचा आणि कागद परत बोस्टनला किंवा फिलाडेल्फियाला. पेनसिल्व्हेनियाच्या कायद्यात अशा परत आलेल्या हुंडीवर २० टक्के नुकसानभरपाई होती. आकडा जबर वाटतो, पण विचार करा, सहा-सात महिने ज्याने पैसे मिळाले असं धरून पुढचे व्यवहार केले त्याचं काय झालं असेल. शिवाय मागच्या बाजूला जितक्यांनी सह्या करून ती पुढे दिली, ते सगळे जबाबदार. एक हुंडी परतली की पाच पेढ्यांची झोप उडायची.

जून १७७२ मध्ये लंडनचा बँकर अलेक्झांडर फोर्डाइस सट्ट्यात बुडून फ्रान्सला पळाला, पाठोपाठ स्कॉटलंडची एअर बँक बंद पडली. लंडन-ग्लासगोच्या पेढ्यांनी घाबरून वसाहतींतली उधारी मागायला सुरुवात केली. सर्वांत जास्त चटका बसला व्हर्जिनिया-मेरीलँडच्या तंबाखूवाल्या जमीनदारांना. पुढच्या वर्षी बोस्टनला चहा समुद्रात फेकल्याची गोष्ट सगळ्यांना पाठ असते, त्याआधीचं हे वसुलीचं वर्ष फारसं कुणी सांगत नाही. ही देणी स्वातंत्र्ययुद्धाने पुसली गेली नाहीत. १७८३ च्या तहात ती वसूल करायचा हक्क लिहिला गेला आणि शेवटी १८०२ मध्ये अमेरिकन सरकारने ६ लाख पौंड देऊन तो विषय मिटवला.

आता चीनचं जहाज. 'एम्प्रेस ऑफ चायना' २२ फेब्रुवारी १७८४ रोजी न्यूयॉर्कहून निघालं, ऑगस्टअखेर कँटनच्या बंदरात पोचलं आणि ११ मे १७८५ रोजी परत आलं. जहाजासकट एकूण गुंतवणूक सुमारे १ लाख २० हजार डॉलर. त्यातला निम्मा भाग फिलाडेल्फियाच्या रॉबर्ट मॉरिसचा, बाकीचा डॅनियल पार्कर आणि मंडळींचा. मालात सुमारे ३० टन जिनसेंग, म्हणजे अमेरिकेच्या डोंगरातून खणून काढलेली, चिनी वैद्यकात मान असलेली मुळी. शिवाय शिसं, कातडी, थोडं कापड, आणि पेटीत साधारण २० हजार स्पॅनिश डॉलर. जहाजाचा कप्तान जॉन ग्रीन. व्यापार बघणारा वेगळा, त्याला सुपरकार्गो म्हणायचे. तो सॅम्युएल शॉ, मुळात तोफखान्यातला अधिकारी.

नफा झाला सुमारे ३० हजार डॉलर, म्हणजे २५ टक्के. पुस्तकांत हे मोठ्या कौतुकाने लिहिलेलं असतं. मी आपला बँकवाला, लगेच भागाकार करतो. पंधरा महिन्यांत २५ म्हणजे वर्षाला २०. त्यातून पैशाचं व्याज ६ धरा, वादळाचा, चाच्यांचा, चीनमध्ये जिनसेंग पडून राहण्याचा धोका धरा. धंदा वाईट नव्हता, पण सोन्याची खाणही नव्हती. त्यात पार्करने भागीदारांच्या पैशाचा घोळ घातला आणि जहाज वाटेत असतानाच तो युरोपला निघून गेला. खरा धडा दुसराच होता: पुढच्या वेळी जिनसेंगवर भागणार नाही. चिन्यांना किती मुळी लागणार? त्यांना चांदी हवी, आणि ती आपल्याकडे नाही.

आता बँकेकडे येऊ. बँक ऑफ नॉर्थ अमेरिका फिलाडेल्फियात ७ जानेवारी १७८२ रोजी उघडली. कल्पना मॉरिसचीच, तो तेव्हा अमेरिकन काँग्रेसचं अर्थखातं सांभाळत होता. अध्यक्ष टॉमस विलिंग, मॉरिसचा जुना भागीदार. भांडवल भरायला लोक पुढे येईनात. तेवढ्यात फ्रान्सच्या राजाने दिलेली चांदी बोस्टनला उतरली, बैलगाड्यांवर लादून फिलाडेल्फियाला आली, आणि तिच्यातले सुमारे अडीच लाख डॉलर सरकारने शेअर घेऊन बँकेत घातले. असं सांगतात की सुरुवातीला लोकांचा भरवसा बसावा म्हणून कारकून तळघरातून चांदीच्या पेट्या सगळ्यांना दिसतील अशा वर काढायचे आणि पुन्हा खाली ठेवायचे. खरं-खोटं देव जाणे, पण पटण्यासारखं आहे. आमच्याही वेळी शाखेबाहेर अफवेने रांग लागली की मॅनेजर नोटांचे गठ्ठे काउंटरवर रचून ठेवायचे.

१७८४ मध्ये बोस्टनला मॅसॅच्युसेट्स बँक आणि न्यूयॉर्कला बँक ऑफ न्यूयॉर्क निघाली. न्यूयॉर्कच्या बँकेचे सुरुवातीचे नियम फार बोलके आहेत: कसर, म्हणजे आधीच कापून घेतलेलं व्याज, सालीना ६ टक्के, मुदत तीस दिवसांपेक्षा जास्त नाही, तीन दिवसांची सवलत, आणि जुनी चिठ्ठी, म्हणजे 'अमक्या तारखेला पैसे देईन' असा लेखी वायदा, फेडायला नवी चिठ्ठी वटवून मिळणार नाही. १,००० डॉलरची चिठ्ठी नेली तर तीस दिवसांची कसर ५ डॉलर आधीच कापून ९९५ हातात. व्याज आधी, मुद्दल मागाहून.

आणि इथेच प्रश्नाचं मर्म आहे. जहाज पंधरा महिन्यांचं, बँक तीस दिवसांची. फार तर पुढे साठ दिवसांची. म्हणजे चीनच्या सफरीला थेट बँकेचं कर्ज मिळून जहाज निघालं, असं चित्र डोळ्यासमोर आणू नका. बँक करायची ते काम आटोपशीर होतं. परत आलेला माल घाऊकवाल्याने उधारीवर घेतला की त्याची चिठ्ठी वटवून द्यायची. अडलेली उधारी आजच्या पैशांत फिरवायची. गावात विखुरलेली चांदी एका तिजोरीत आणायची, म्हणजे जहाज निघायच्या वेळी ती एकगठ्ठा मिळायची. बँकेच्या मंडळींना हे शेवटचं मुळीच आवडायचं नाही, कारण चीनला जाणारं प्रत्येक जहाज त्यांच्या तिजोरीतून डॉलर उपसायचं. नियमांत नाही म्हटलं तरी ओळखीच्या व्यापाऱ्यांच्या चिठ्ठ्या फिरवून दिल्या जायच्याच. संचालक तेच, कर्जदार तेच, मग नाही कोण म्हणणार?

१७९१ ची पहिली बँक ऑफ द युनायटेड स्टेट्स मोठी, भांडवल १ कोटी डॉलर. तिच्यावर आणि ती काढणाऱ्या अर्थमंत्री हॅमिल्टनवर इतकं लिहिलं गेलं आहे की मी थांबत नाही. एवढंच लक्षात ठेवा, की वीस वर्षांनी सनद संपली तेव्हा तिचे बहुतांश शेअर परदेशी लोकांच्या हातात होते. म्हणजे बँकसुद्धा उधारच्या पैशावर.

मग लांब मुदतीचा पैसा कुठला? दोन जागा. पहिली कुणाला सुचणार नाही: सरकारचं जकात खातं.

नव्या सरकारला जकातीवाचून दुसरं उत्पन्न जवळजवळ नव्हतं, पण व्यापाऱ्याकडे रोकड नाही हेही माहीत होतं. म्हणून जकात उधार. मोठी रक्कम असेल तर जामीनदारासह बाँड लिहून द्यायचा आणि काही महिन्यांनी भरायचं. चीनच्या चहाला सर्वांत जास्त सवलत: साधारण वर्षभर, आणि चहा सरकारी देखरेखीखाली वखारीत ठेवला तर दोन वर्षांपर्यंत. जकात किरकोळ नव्हती. १७९० च्या कायद्याने अमेरिकन जहाजातून थेट आलेल्या हायसन या हिरव्या चहावर पौंडाला ३२ सेंट.

आता गंमत बघा. समजा चहा खरेदीला २ लाख पडला आणि जकात १ लाख. व्यापारी लिलावात तो जकातीसकट भावाने विकतो, घाऊकवाल्यांच्या चार-सहा महिन्यांच्या चिठ्ठ्या घेतो, त्या बँकेत वटवतो. जकातीचे १ लाख आज त्याच्या हातात, भरायचे वर्षभराने. त्याचे डॉलर घेऊन दुसरं जहाज कँटनला निघतं आणि जकात भरायच्या सुमारास परतही येतं. मग त्या नव्या चहाच्या जकातीतून जुनी जकात भरायची. सरकारच्या बिनव्याजी पैशावर चीनचा व्यापार. न्यूयॉर्कचा बडा व्यापारी जॉन जेकब अ‍ॅस्टरसारख्यांनी याचा पुरेपूर उपयोग केला. आणि ज्यांचा ताल चुकला ते गाळात गेले. १८२५ मध्ये फिलाडेल्फियाचा चहावाला एडवर्ड थॉमसन बुडाला तेव्हा सरकारची फार मोठी जकात थकलेली होती. दिवाळखोराच्या मालमत्तेवर सरकारचा हक्क कायद्याने सर्वांत आधी, त्यामुळे बाकीच्या सावकारांच्या हाती काय लागलं असेल ते सांगायला नको. जकात रोखीने भरण्याचा नियम यायला १८४२ साल उजाडलं.

चांदी जमवायची वाटही सांगतो, कारण तीत मोठा घाम आणि बरंचसं पाप आहे. कॉड मासा बिल्बाओला, पीठ लिस्बन-कादिझला, मासे आणि लाकूड वेस्ट इंडीजच्या साखरमळ्यांना. तिथले मळे गुलामांच्या अंगमेहनतीवर, आणि त्यांच्या पोटात जाणारा सगळ्यात हलका मासा न्यू इंग्लंडचा. १७९३ पासून इंग्लंड-फ्रान्स लढत राहिले आणि तटस्थ अमेरिकन जहाजांना दोघांचा माल वाहायला मिळाला. १८०७ मध्ये अमेरिकेची एकूण निर्यात १०.८ कोटी डॉलर, त्यातली निम्म्याहून जास्त दुसऱ्यांचा माल आणून पुन्हा पाठवलेली. अध्यक्ष जेफरसनने अमेरिकन जहाजांना परदेशी जायलाच बंदी केली, तिने १८०८ मध्ये ती सव्वादोन कोटींवर आली. वर्षभरात एवढी आपटी मी कुठल्याही देशाच्या आकड्यांत क्वचितच पाहिली आहे.

आपल्या मुंबईचा संबंध याच काळातला. बोस्टनजवळच्या सेलम बंदराचा व्यापारी एलियास हॅस्केट डर्बी आणि त्याचा मुलगा मॉरिशसमार्गे इथे धंदा करायचे. १७८९ मध्ये 'पेगी' हे जहाज मुंबईचा कापूस सेलमला घेऊन गेलं. कापसातली सरकी काढायचं यंत्र तिकडे निघालं १७९३ मध्ये, त्याआधी अमेरिका आपला कापूस घेत होती. इंग्लंडबरोबर जॉन जे याने केलेल्या १७९४ च्या तहाने अमेरिकनांना ब्रिटिशांच्या भारतातल्या बंदरांतून माल उचलायची रीतसर मुभा दिली, अट एवढीच की तो थेट अमेरिकेलाच न्यायचा. इथे त्यांचं काम बघायचे नसरवानजी माणेकजी वाडिया. परक्या बंदरात डॉलर कुणाकडे ठेवायचे, भाव फसवा आहे का, कागद कुणाचा चालेल, हे सगळं एका माणसाच्या शब्दावर. त्यांचं तैलचित्र १८०३ पासून सेलमच्या दर्यावर्दींच्या संग्रहात आहे. बँकेच्या भाषेत सांगायचं तर करस्पाँडंट बँकेच्या, म्हणजे परमुलखात आपलं काम बघणाऱ्या बँकेच्या, फोटोला हार घातल्यासारखं.

लांब मुदतीच्या पैशाची दुसरी जागा लंडन. बेअरिंग ब्रदर्स या पेढीचं नाव सगळीकडे भेटतं. अलेक्झांडर बेअरिंगने १७९८ मध्ये फिलाडेल्फियाच्या विल्यम बिंगहॅमची मुलगी केली, आणि हा बिंगहॅम टॉमस विलिंगचा जावई. सोयरीक आणि पत एकाच घरात. १८०३ मध्ये लुइझियाना हा प्रांत फ्रान्सकडून विकत घ्यायला अमेरिकेने ११२.५ लाख डॉलरचे ६ टक्क्यांचे रोखे दिले, ते नेपोलियनकडून घेऊन त्याला रोकड मोजली ती बेअरिंग आणि अ‍ॅमस्टरडॅमच्या होप पेढीने. इंग्लंड फ्रान्सशी लढत होतं आणि लंडनची पेढी नेपोलियनला पैसे पोचवत होती. पेढीवाल्यांची जात एक.

व्यापाऱ्यांसाठी बेअरिंग जे करत होते ते आजच्या लेटर ऑफ क्रेडिटचंच पूर्वरूप. अमुक व्यापाऱ्याचा माणूस कँटनहून आमच्यावर इतक्या पौंडांपर्यंत हुंड्या लिहील, आम्ही सकारू. या कागदाने चांदीची पेटी घरी राहिली. १८२० च्या दशकाच्या अखेरीपासून अमेरिकेतून चीनला जाणारी चांदी झपाट्याने आटली ती यामुळे. पुन्हा मुदत मोजा: हुंडी सहा महिन्यांची, ती कँटनहून लंडनला पोचायला चार-पाच महिने. म्हणजे दहा-अकरा महिन्यांनी पैसे द्यायचे. चहा मात्र पाच महिन्यांत न्यूयॉर्कला, विकून मोकळा. त्या पैशांतून दक्षिणेच्या कापसावर काढलेल्या पौंडातल्या हुंड्या विकत घ्यायच्या आणि तारीख यायच्या आत लंडनला पाठवायच्या. तो कापूसही गुलामांनी वेचलेला. बेअरिंगने १८२९-३० च्या सुमारास बोस्टनला टॉमस रेन वॉर्ड हा आपला माणूस नेमला. त्याचं काम कुणाला किती पत द्यायची हे पारखणं. तो व्यापाऱ्यांबद्दल गुप्त टिपणं पाठवायचा: भांडवल किती, सवयी कशा, सट्टा करतो का. आम्हीही असे गोपनीय अहवाल लिहायचो. फक्त आमचे फॉर्मवर.

आता ती अमेरिकन हुंडी कँटनला विकत कोण घ्यायचा? ज्याच्याकडे तिथे चांदी साठली आहे आणि जी हिंदुस्थानात किंवा लंडनला पोचवायची आहे, तो. ती चांदी साठायची चीनमध्ये विकलेल्या अफूतून, आणि त्या अफूतली पुष्कळशी माळव्याची, मुंबई बंदरातून गेलेली. मुंबईच्या पेढ्यांना अफूचे पैसे घरी आणायला लंडनवरची हुंडी हवी, अमेरिकनाला चहा घ्यायला चांदी हवी. बोस्टनच्या किटलीतला चहा आणि माळव्यातलं अफूचं शेत यांना जोडणारा हा वीतभर कागद. चिनी बाजूला हौक्वासारखे हाँग, म्हणजे परदेशी व्यापाराचा सरकारी परवाना असलेले, व्यापारीही अमेरिकनांना उधार द्यायचे. हौक्वाचा पैसा तर पुढे अमेरिकन रेल्वेत गेला.

रॉबर्ट मॉरिसचं काय झालं ते सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही. बँक काढली, चीनचं जहाज पाठवलं, क्रांतीला पैसा पुरवला, आणि मग जमिनीच्या नादी लागला. १७९५ मध्ये जॉन निकल्सन आणि जेम्स ग्रीनलीफबरोबर नॉर्थ अमेरिकन लँड कंपनी, साठ लाख एकर. पैसे नव्हते. मॉरिसने चिठ्ठी लिहायची, निकल्सनने मागे सही करायची, पुढच्या वेळी उलट. आमच्याकडे दोन कापडवाले एकमेकांवर अशीच बिलं काढायचे, मधे माल काहीच नाही. वर्षभर सुरळीत चाललं, एका सणाच्या आठवड्यात दोघांच्याही तारखा एकाच दिवशी आल्या आणि दोघंही फोन उचलेनात. मॉरिसच्या चिठ्ठ्या शेवटी कवडीमोलाने विकल्या जाऊ लागल्या. फेब्रुवारी १७९८ मध्ये तो फिलाडेल्फियाच्या प्रून स्ट्रीटच्या कर्जदारांच्या तुरुंगात गेला. जॉर्ज वॉशिंग्टन त्याला भेटायला तिथे जेवायला गेले. सुटला ऑगस्ट १८०१ मध्ये, तेही १८०० चा दिवाळखोरीचा कायदा झाला म्हणून. देणं सुमारे ३० लाख डॉलर.

तारखा एकदम आल्या की काय होतं याचा मोठा नमुना १८३७ चा. बँक ऑफ इंग्लंडने १८३६ मध्ये अमेरिकन धंद्याची बिलं वटवायला हात आखडला. मे १८३७ मध्ये न्यूयॉर्कच्या बँकांनी नाण्यात पैसे देणं थांबवलं, जूनपर्यंत लंडनच्या विल्सन, विगिन आणि वाइल्ड्स या तीन अमेरिकन धंद्यातल्या मोठ्या पेढ्या बसल्या. बेअरिंग वाचले, कारण त्यांनी आधीच पत आवळत आणली होती. पण कँटनला बसलेल्याला हे कुठे ठाऊक? जूनमध्ये लंडनला नकारलेल्या हुंडीची बातमी आफ्रिकेच्या टोकाच्या केपला वळसा घालून यायला चार-पाच महिने. तोवर तिथे त्याच पेढ्यांवरच्या नव्या हुंड्या लिहिल्या जात होत्या, विकत घेतल्या जात होत्या, आणि पहिली, दुसरी, तिसरी प्रत तीन वेगळ्या जहाजांनी रवाना होत होती.